रोजीवाला आणि फुकटवाला

शुक्रवारी संध्याकाळी ऑफिस सुटलं की मी घरी जात नाही. पिशवी सकाळीच भरून टेबलाखाली ठेवलेली असते. ती उचलायची, ऑटोनं बडनेरा गाठायचं, मिळेल त्या गाडीत शिरायचं आणि दीड-दोन तासांनी अकोल्याला उतरायचं. सोमवारी पहाटे हेच सगळं उलट्या दिशेनं. अमरावतीत नवरा आणि मुलगी, अकोल्यात बाबा. ऑफिसातल्या बाया विचारतात, कसं गं जमतं तुला? जमत नाही, हे उत्तर मी मनातच देते, कारण ते दिलं की पुढं सल्ले ऐकावे लागतात.

बाबा मिस्त्री होते. अकोल्यातली कितीतरी घरं त्यांच्या थापीखालून गेलेली. दीड वर्षापूर्वी त्यांना लकवा मारला. बोलणं शाबूत राहिलं, पाय काठीच्या आधारानं चालता झाला, पण उजवा हात लोंबकळत राहिला. महिनाभर त्यांना मी अमरावतीला आणून ठेवलं. तिसाव्या दिवशी ते म्हणाले, "तुह्या घरची भिंत वाकडी हाय. पाहून पाहून झोप नाही येत मले." भाड्याच्या घराची भिंत मी काय सरळ करणार? पोचवून आले त्यांना स्वतःच्या घरी, स्वतः बांधलेल्या ओळंब्यातल्या भिंतींत. आठवडाभर शेजारच्या काकू डबा देतात, दिवसातून दोनदा डोकावतात. शनिवार-रविवार माझा.

आता हा माझा शनिवार-रविवार म्हणजे काय, तर आठवड्याचे कपडे, स्वयंपाक, औषधांच्या पुड्या, आणि नळ. आमच्या भागात नळ चार-पाच दिवसांआड येतो आणि तो नेमका मी असतानाच का येतो, हे एक कोडंच आहे. आला की ड्रम, टाकी, बादल्या, पातेली, सगळं भरून ठेवायचं. त्यात व्यायाम घ्यायला येणाऱ्या बाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "बोटांना काम द्या. आत्ता जे परत येईल ते येईल. आणखी काही महिन्यांनी हात आखडला की मग माझ्याही हातात काही राहणार नाही." त्यांनी एक रबरी चेंडू दिला होता, दिवसातून शंभरदा दाबायला. बाबांनी तो दोन दिवस दाबला आणि तिसऱ्या दिवशी खाटेखाली लोटून दिला. "चेंडू दाबून कोन्ती भिंत उभी रायते?"

तो प्रसंग त्या वाक्यासकट मी घरी सांगितला तेव्हा माझी मुलगी हसली आणि तिचा जुना टॅब माझ्या पिशवीत टाकला. "आबांना दे. यात भिंत उभी राहते."

ठोकळ्यांचा खेळ होता तो. सगळं जगच चौकोनी ठोकळ्यांचं, झाड चौकोनी, डोंगर चौकोनी, गायसुद्धा चौकोनी. ठोकळे फोडायचे, गोळा करायचे आणि त्यांतून हवं ते बांधायचं. डाव्या अंगठ्यानं चालायचं आणि उजव्या बोटानं ठोकळ्यावर दाबून धरायचं. दगड असेल तर बराच वेळ दाबून धरावं लागतं, बोट उचललं की भेग भरून येते आणि पुन्हा पहिल्यापासून. चेंडूपेक्षा हा व्यायाम मोठा होता, फक्त तो व्यायाम आहे हे बाबांना कोणी सांगितलं नव्हतं. मीही नाही सांगितलं.

मुलीनं फोनवरून त्यांना खेळाच्या दोन तऱ्हा समजावल्या. एका तऱ्हेत, तिच्या भाषेत सर्व्हायव्हलमध्ये, काहीच फुकट मिळत नाही. भूक लागते, पडलं की लागतं, कुदळ झिजते, माणूस मरतो. दुसरी क्रिएटिव्ह. तिच्यात सगळं सामान हजर, कितीही वापरा, संपत नाही, आणि मरायचंही नाही. बाबांनी ऐकून घेतलं आणि दोन्हींची नावं ठेवून टाकली. पहिला रोजीवाला, दुसरा फुकटवाला.

"मले रोजीवाला लावून दे," ते म्हणाले. "फुकटच्या विटेनं घर बांधत नसतेत."

आणि त्यांनी खरोखर आमचं घर बांधायला घेतलं. नदीच्या काठावरून चिकणमाती काढायची, भट्टीत भाजायची, वीट करायची. खालचं घर जसंच्या तसं, ओट्यासकट. त्यावर वरची खोली, जी खऱ्या घरावर कधी झालीच नाही. तिच्यासाठी सोडलेल्या सळया आमच्या स्लॅबवर अजून गंजत उभ्या आहेत. तक्रारी चालूच होत्या. या खेळात ठोकळ्यावर ठोकळा येतो, सांध्यावर सांधा; खऱ्या भिंतीत तो अर्धी वीट सरकवून मोडतात. "सांधमोडच नाही देत हा लेकाचा. माह्या हाताखालच्या पोट्ट्यानं असं केलं असतं तं हाकलून देला असता." पण सगळ्यात मोठी गंमत पाण्याची. भिंत बांधून झाली की बाबा खेळातली बादली घेऊन नदीवर जायचे, भरून आणायचे आणि नव्या भिंतीवर ओतायचे. रोज सकाळी. सात दिवस. मी म्हटलं, "बाबा, हे खेळातलं वीटकाम हाय, त्याले पाणी माराले नाही लागत." त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मी परत तो विषय काढला नाही. खऱ्या घरात मी ड्रम मोजून पाणी वापरत होते आणि खोट्या घरात ते भिंतीला पाजत होते.

हात चालू लागला, हे खरं. पण बोट भरवशाचं नव्हतं. मधेच घसरायचं आणि बाबा खड्ड्यात पडायचे. मेले की अंगावरचं सगळं सामान तिथंच सांडायचं आणि ते वेळेत शोधून उचलावं लागायचं. मग हाक यायची. "पोरी, इकडे ये वं! मी मेलो!" पहिल्यांदा ही हाक ऐकून मी कणकेच्या हातानं धावले होते आणि काळजात धस्स झालं होतं. नंतर धस्स होणं बंद झालं, धावणं राहिलं. एक हिरवा प्राणी यायचा आणि भिंतीजवळ येऊन फुटायचा. त्याला बाबा अतिक्रमणवाला म्हणायचे. "आला पाह्य अतिक्रमणवाला! पाडली भिंत! ये लवकर!" शनिवारी दहा हाका, रविवारी पंधरा. मी कपडे पिळता पिळता यायची, सामान उचलून द्यायची आणि परत जायची.

मार्चच्या शेवटी एका रविवारी नळ दुपारी आला. ड्रम भरले, कूलरमध्ये पाणी ओतलं, कंबर धरली होती, आणि मी जमिनीवर नुसती आडवी झाले तेवढ्यात हाक आली. "मेलो वं!" मी उठले. मला त्या क्षणी त्या टॅबचा, त्या नदीचा आणि खरं सांगते, बाबांचासुद्धा संताप आला होता. ते बाथरूमकडे गेले तेव्हा मी टॅब उचलला, सेटिंगमध्ये गेले आणि तीन ठिकाणी बोट लावून रोजीवाल्याचा फुकटवाला करून टाकला.

ते परत आले. खेळू लागले. आता बोट लावलं की दगड पटकन फुटत होता. पडलं तरी लागत नव्हतं. मी वाट पाहत होते, आता विचारतील, आता ओरडतील. काही नाही. हाक आली नाही. मी फरशीवर पडल्या पडल्या झोपले ती चहाच्या वेळेला उठले. कितीतरी महिन्यांत दुपारची अशी झोपले नव्हते. उठल्यावर पहिल्यांदा बरं वाटलं आणि मग लगेच त्या बाईंचं बोलणं आठवलं. ज्या दाबून धरण्यासाठी हा सगळा खटाटोप होता, तेच मी काढून टाकलं होतं.

तरी मी ते परत बदललं नाही. पुढच्या शुक्रवारी ठरवून गेले होते की बदलीन. रविवार आला आणि मी झोपले. त्याच्या पुढच्या रविवारीही. एप्रिल असाच गेला. बाबा घराला हात लावत नव्हते. बाजूच्या माळावर एक उंचच उंच बिनकामाचा मनोरा चढवत बसायचे. विचारलं तर म्हणायचे, "टाइमपास." मला वाटलं, झालं, माणसाचा यातला जीव गेला. माझ्या झोपेपायी गेला. गाडीत खिडकीशी बसून मी दर सोमवारी स्वतःला शिव्या द्यायची आणि बडनेऱ्याला उतरताना कामाच्या गडबडीत त्या विसरायची.

मे महिन्यात व्यायामाच्या बाई शनिवारी आल्या. त्यांनी बाबांच्या हातात आपली दोन बोटं दिली आणि म्हणाल्या, दाबा. बाबांनी दाबली. बाईंनी चक्क हात झटकला. "काय खायला घालता हो यांना?" मला म्हणाल्या. "पहिलं बोट आणि अंगठा, दोन्हीत चांगला जोर आलाय. जे चाललंय ते थांबवू नका."

मी हो म्हटलं. जे चाललं होतं ते मीच दीड महिन्यापूर्वी थांबवलं होतं.

बाई गेल्यावर बाबा काठी टेकत काकूंकडे चहाला गेले. मी टॅब उघडला. खेळ फुकटवाल्यावरच होता. समोर तो मनोरा. मी चालत चालत घराकडे गेले आणि थांबले. मार्चात गुडघाभर असलेली वरची खोली दाराच्या वरच्या चौकटीपर्यंत आली होती. नदीपासून घरापर्यंत नीट पायऱ्या बांधल्या होत्या, बादली घेऊन येताना घसरू नये म्हणून. बाबांच्या सामानात एक कुदळ होती. या खेळात कुदळ वापरली की तिच्याखाली एक रेघ उमटते आणि झिजेल तशी ती आखडत जाते, हिरवीची पिवळी होते, पिवळीची लाल. फुकटवाल्यात कुदळ झिजत नाही. ही कुदळ लालभडक झाली होती. आणखी दोनचार दगड, की मोडलीच असती.

मी मुलीला फोन लावला. कुदळ लाल कशी, ते विचारलं. ती म्हणाली, "आबांनी सांगितलं होतं, आईला सांगू नको."

बाबा आले. मी टॅब त्यांच्यासमोर धरला. अकोल्यात पाय ठेवला की माझी भाषा आपोआप त्यांच्यासारखी होते, रागात तर जास्तच.

"बाबा, तुमाले समजलं होतं?"

"त्याच दिवशी समजलं. शंभर इटा लावल्या, एक सरली नाही. मिस्त्रीले नाही समजन का?"

"मंग बोलले काहून नाही?"

ते खाटेवर बसले. काठी भिंतीला टेकवायला त्यांना थोडा वेळ लागला. उजव्या हातानं टेकवत होते.

"बोलाले आलतो तुह्याकडे," ते म्हणाले. "तू फरशीवर झोपून होती. तोंड उघडं, बाजूले कूलरची बादली तशीच. तुले असं झोपलेलं मी तुह्या लग्नाच्या आंधी पायलं होतं." मग म्हणाले, "म्हणून नातीले इचारून शिकून घेतलं. सेटिंगात वरून तिसरी ओळ. तू गेली की रोजीवाला. शुक्रवारी तुही गाडी यायच्या आंधी फुकटवाला. माहं काम व्हते, तुही झोप व्हते. मंग तुले तरास काय हाय?"

मला लाज वाटत होती. आणि आतून थोडा रागही होता, की माझी एवढीशी चोरी, तीही यांनी मला सांभाळून करू दिली. आठवडाभर खेळात मेल्यावर हे एकटे त्या खड्ड्यातून सामान वेचत होते आणि काकूंनासुद्धा हाक मारत नव्हते. मी रडले. बाबांना रडलेलं आवडत नाही. ते म्हणाले, "नळ आला का पाह्य बरं," आणि नळ येणार नव्हता हे आम्हा दोघांनाही ठाऊक होतं.

शेवटी मी एवढंच सांगितलं, की आता मी असताना पण रोजीवालाच चालू राहील.

"मंग तू झोपशीन कवा?"

"झोपीन. तुमी हाक नोका मारू."

दुसऱ्या दिवशी रविवार. जेवणं झाली, कूलर लावला, मी फरशीवर आडवी झाले. बाबा खाटेवर बसून वरच्या खोलीच्या भिंतीला पाणी मारत होते. खेळातल्या बादलीचा आवाज मला आता ओळखू येतो. मग पाय घसरल्याचा आवाज आला आणि त्यामागून मेल्याचा. माझे डोळे उघडले. हाताचा रेटा देऊन मी अर्धी उठलेसुद्धा होते, सवयीनं.

हाक आली नाही. बाबा हळूच स्वतःशी म्हणाले, "मेला पाह्य लेकाचा."  मग त्यांचं चालणं, खड्ड्यात उतरणं, एकेक वस्तू उचलल्याचा टिक टिक आवाज. एक राहिली असावी, कारण ते बराच वेळ तिथंच शोधत होते. मला उठून जाऊन ती दाखवून द्यावीशी वाटत होती. दोन मिनिटांचं काम होतं माझ्यासाठी.

मी परत आडवी झाले आणि त्यांच्याकडे पाठ केली. मागं कुदळीची ठकठक सुरू झाली. मधेच थांबायची, बोट घसरलं असणार, की पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हायची. मला झोप लागली नाही. पण मी चहाच्या वेळेपर्यंत डोळे मिटून पडून राहिले, कारण बाबा मधूनमधून माझ्याकडे पाहत असणार, हे मला माहीत होतं.