येते म्हणाले आणि गेले

आमच्याकडे निघताना कुणी ‘जाते’ म्हणत नाही. ‘येते’ म्हणायचं. ही सवय मी नेदरलँड्समधल्या आइंडहोवनलाही घेऊन आले, आणि तिच्यापायी माझी नोकरी जायची वेळ आली.

दर मंगळवारी एका म्हाताऱ्या बाईंच्या फ्लॅटची साफसफाई आणि बाजारहाट, असं ते एजन्सीने दिलेलं काम. पहिला महिना पारखायचा. बाई म्हणजे एकेकाळच्या सोव्हिएत सिनेमातल्या नटी. लेक इथे कॉम्प्युटरच्या चिप बनवणाऱ्या मशीनच्या कारखान्यात लागली, तिच्या मागोमाग त्याही आल्या. त्यांचा देश आता नकाशावर नाही. त्यांचं पोस्टर मात्र संडासाच्या दारावर आहे. डोक्याला रुमाल, हातात ट्रॅक्टरचं स्टिअरिंग, नजर थेट उज्ज्वल भविष्याकडे.

“मेव्राउ, तुम्ही खरंच ट्रॅक्टर चालवायचात?” पहिल्याच दिवशी दार पुसता पुसता मी विचारलं. मेव्राउ म्हणजे इथलं ‘बाईसाहेब’. दोघींचं डच सारखंच मोडकं, त्यामुळे छान जमायचं.

“छे. चालवता येतो म्हणून ठोकून दिलं, म्हणून काम मिळालं. पुढून दोरीने ओढायचे. मी नुसती हसायची. लोकांना इतकं खरं वाटलं, की पुढच्या दोन सिनेमांतही मला ट्रॅक्टरवरच बसवलं.”

“आणि कुणाला कळलंच नाही?”

“तिसऱ्या वेळी उतारावर दोरी तुटली. त्याच सीनचं बक्षीस मिळालं मला. भीतीचा अभिनय फार जिवंत, म्हणे.”

एवढं ऐकल्यावर मलाही राहवेना. एजन्सीच्या फॉर्मवर दहावी लिहिलंय आणि शाळा आठवीतच सुटली, हे मी सांगून टाकलं. सांगितल्या क्षणापासून धास्तावले.

“म्हणजे तुझीही दोरीच,” त्या म्हणाल्या आणि बिस्किटं पुढे केली.

महिना संपायला आला तशी एजन्सीची बाई फाइल घेऊन हजर झाली. तक्रार आहे म्हणाली. फाइल उघडली की फॉर्म निघणार, फॉर्म निघाला की दहावी.

“ही खोटं बोलते,” नटीबाई गंभीरपणे म्हणाल्या. मी फडकं घट्ट धरलं. “दर मंगळवारी दारात उभी राहून म्हणते, इक कोम. येते. मी चहा ठेवते, दोन कप. ही येतच नाही. उगवते ती थेट पुढच्या मंगळवारी.”

अरे देवा. मी ‘येते’चं सरळसोट डच करत होते.

“आमच्यात जाते म्हणत नाहीत,” मी चाचरत सांगितलं. “गेली म्हटलं की मेली असा अर्थ होतो. म्हणून निघतानाही येतेच म्हणायचं.”

एजन्सीच्या बाईला मजा वाटली. “हे शाळेत शिकवतात का? तुझं शिक्षण किती गं?” असं म्हणत ती पानं उलटू लागली.

नटीबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मग खुर्चीचा आधार घेऊन उठल्या, हनुवटी वर केली आणि खिडकीबाहेर बघत राहिल्या. पोस्टरमधली तीच नजर. बाहेर फक्त सायकलींचा स्टँड होता, तरी एजन्सीच्या बाईचा हात पानावर थबकला.

“माझी तक्रार अजून संपलेली नाही,” त्या म्हणाल्या. “मंगळवार पुरत नाही. हिला शुक्रवारीही पाठवा. निदान चहा तरी फुकट जाणार नाही.”

फाइल मिटली. नोकरी पक्की झाली, वर एक दिवस जास्तीचा. आठवीत शाळा सुटलेल्या बाईला परक्या मुलखात कुणी असं मागून घ्यावं, हे मला अजून खरं वाटत नाही.

“बरं, मी जाते,” एजन्सीची बाई उठत म्हणाली.

आम्ही दोघींनी एकमेकींकडे पाहिलं.

“काय अभद्र बोलते ही,” नटीबाई माझ्या कानाशी कुजबुजल्या आणि दुसरा कप भरायला वळल्या.