वेळेची म्हैस

माझ्या नवऱ्याला काडीचं काम येत नव्हतं, पण लोक त्याला कलाकार म्हणत. मी काय म्हणत असे, ते इथं लिहिण्यासारखं नाही.

पोंभुर्ण्याकडच्या आमच्या गावात सगळे तलावात जाळं टाकत, नाहीतर धानात राबत. हा बाबा वेळेच्या मूर्ती करायचा. हो, वेळेच्याच. माती नको, लाकूड नको, छिन्नी नको. कोणी नुसता बसून असला, की त्याच्या अंगावरून वाया चाललेला वेळ हा दोन्ही तळव्यांत धरायचा आणि मळत बसायचा. सासू गावभर सांगत फिरे, "माहा पोरगा येळ काढते." आता वेळ काढणारे घरोघरी असतात, त्यात मिरवायचं काय! पण म्हातारीला लेकाचं भारी कौतुक.

त्याचा माल मिळे बाजाराच्या गावी, एका हापिसासमोर. कोणतं हापीस ते सोडा. स्वराज्य येऊन पाच-सात वर्षं झाली होती, पाट्या नव्या लागल्या होत्या. बाकी बांबूच्या पासासाठी, कुठल्याशा शिक्क्यासाठी माणसं सकाळपासून उकिडवी बसलेली असत, ती असतच. हा त्यांच्यात जाऊन बसे. "भाऊ, येळ आहे का तुमच्यापाशी?" ते हसत. "घे बाप्पा, येळच तं आहे आमच्यापाशी." संध्याकाळी हा रिकाम्या हातांनी घरी येई, आणि मी पाण्याचा गडवा पुढे केला की म्हणे, "हाताले धक्का नको लावू, भरले आहेत." काय तो तोरा!

असल्या वेळेची त्याने अकरा महिने खपून एक म्हैस केली. बसलेली म्हैस. तापल्या रस्त्यावर उन्हात हवा हलते ना, तशी ती आमच्या सपरीत, दारच्या पडवीत, दिसायची. शिंगं, पाठ, रवंथ करणारं तोंड, सगळं. शाळेचे गुरुजी येऊन तास तास उसासे टाकत. गावात खऱ्या म्हशी काय कमी होत्या? त्या निदान शेण तरी देतात.

तिचा एकच उपयोग सापडला, तोही मलाच. तिच्या पायाशी मासे ठेवले तर बाजाराच्या दिवसापर्यंत जसेच्या तसे राहत. नवऱ्याला हे कळलं तेव्हा तो जेवला नाही. "माह्या कलेले मासोळीचा वास लावला तू!" मी म्हटलं, "त्याच वासावर तुमचं पोट चालून राह्यलं."

मग भादव्यात सासूने अंथरूण धरलं. वैदू नाडी पाहून गेला. म्हणाला, उद्या उजाडेल, परवाचं सांगता येत नाही. म्हातारीचा जीव लेकीत अडकला होता. नणंद दिली होती अहेरीकडे, आणि चार वर्षांत मायलेकींची भेट नव्हती. "तिचं तोंड पाहून जाऊ द्या मले," एवढंच तिचं मागणं. निरोप आधीच गेला होता, पण मधे वैनगंगा दोन्ही काठ सोडून वाहत होती. पाणी उतरून नणंद यायला चार दिवस तरी लागणार. म्हातारीपाशी दोनही नव्हते.

मी नवऱ्याला म्हटलं, "मायची खाट म्हशीजवळ ओढा."

"तिथं मेलेलं टिकते, जितं गोठते."

"मग मोडा ती. कोंबला ना त्यात ढीगभर येळ? द्या तुमच्या मायले."

"अशी म्हैस पुन्हा नाई होणार," तो म्हणाला.

म्हैस! आई चाललीय आणि ह्याला म्हशीची पडलीय! मी त्याला जे बोलले ते आजही मागे घ्यावंसं वाटत नाही. दुपारपर्यंत तो गुडघ्यांत डोकं घालून बसला. मग उठला, दोन्ही हातांनी म्हशीची मान मोडली आणि ओंजळी भरभरून आईच्या अंगावर ओतत गेला. सपरी रिकामी झाली.

सासूने डोळे उघडले. पेज मागितली, वाटीभर प्यायली. त्या क्षणी मला नवऱ्याच्या पाया पडावंसं वाटलं, खोटं कशाला बोलू!

मग ती खाटेवरून उतरून उकिडवी बसली. पदर सावरला, दाराकडे पाहिलं आणि मला विचारलं, "बाई, साहेब आले का?"

चारही दिवस ती तशीच. मला ओळखेना, पोराला ओळखेना. कोणी दारात आलं की जरा सरकून जागा देई आणि दबक्या आवाजात तेच विचारी. त्या शहाण्याने वेळ गोळा केला, पण तो कसला, हे कधी पाहिलंच नाही. हापिसासमोर ताटकळणाऱ्यांचा वेळ होता तो, त्यातून दुसरं काय निघणार? कलाकार म्हणे! मला त्याचं तोंड बघवत नव्हतं, आणि तोही माझ्यासमोर येत नव्हता.

पाचव्या सकाळी नणंद आली, कंबरेपर्यंत चिखलाने भरलेली. "माय, मी आली वं!" म्हणत आईच्या गळ्यात पडली. म्हातारीने तिला हळूच बाजूला सारलं आणि तिच्यामागे दाराकडे पाहिलं.

"बाई, साहेब आले का?"

नणंदेने आमच्याकडे पाहिलं. मी चार शब्दांत सांगितलं. नवरा भिंतीकडे तोंड करून उभा होता. तिने डोळे पुसले, आईसमोर उकिडवी बसली आणि तिचे दोन्ही हात हातात घेतले.

"आले, बाई. तुमचं काम झालं. जा आता घरी."

"झालं?" म्हातारी केवढी हसली! आणि त्या अनोळखी बाईच्या खांद्यावर डोकं टेकवून ती गेली.