कठड्यातलं दार

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. एरवी मी तोंडाचा फाटका माणूस — स्वतःची फजिती सांगून चार लोकांना हसवत फिरणारा. नागपूरचा गडी नौदलात गेला आणि पहिल्याच दिवशी साहेबाच्या बुटावर ओकला, हे तुम्हीही माझ्याकडून ऐकलं असेल. त्याच्या पुढचं मात्र मी गाळतो. नेहमीच.

एकाहत्तरच्या युद्धात माझी नेमणूक झाली ती एका शेठच्या यॉटवर. सरकारनं ती गस्तीसाठी घेतली होती. पांढऱ्या अंगावर करडा रंग फासला, पुढे तोफ बसवली, झाली लढाऊ बोट. आत मखमली कोच तसेच. त्यावर लोळत मी वामनला म्हणायचो, "मी शेठ, तू नोकर." वामन नागपुरातल्याच नंदनवनचा, शाळेपासूनचा सोबती. "शेठ, आधी तोंड पुसा," तो म्हणायचा, "सकाळपासून ओकून राहिले तुमी."

कठड्यात एक छोटं दार होतं. शेठचे पाहुणे होडीतून तिथून वर चढत. ते तारेनं बांधून ठेवायचा हुकूम होता, कारण शत्रूच्या भीतीनं बोटीवर एकही दिवा नसे. अंधार पडला की सगळे एका हातानं कठडा धरून चालत. हात पुढे सरकायचा, पाय त्याच्या मागे.

एका संध्याकाळी — काय सुचलं मला? — मी ती तार सोडली. दार उघडून, पाय बाहेर लोंबकळत सोडून बसलो. शेठसारखा. मग खालून चहाची हाक आली. तार? बांधू की नंतर.

चहा संपत आला तोवर बाहेर काळोख झाला होता. वर पहाऱ्याला वामन होता. मला माझं नाव ऐकू आलं — एकदाच. वाटलं, मस्करी करून राहिला. उरलेला घोट मी सावकाश प्यायलो.

वर गेलो. दार बोटीच्या हेलकाव्यांबरोबर आपटत होतं.

आणि मी काय केलं असेल? आधी दार लावलं. तार पिळून घट्ट बांधली. मग ओरडलो.

बोट फिरवली, पाणी धुंडाळलं. वामन सापडला नाही. लाट आली, असं मी सांगितलं. समुद्र खवळलेला होताच. कोणाला शंका आली नाही.

पुढे बऱ्याच वर्षांनी वामनच्या आईला मी मोतीबिंदूसाठी धंतोलीतल्या दवाखान्यात नेलं होतं. मला ती मुलासारखंच वागवायची. दवाखान्याचा जिना चढताना तिला नीटसं दिसत नव्हतं. मध्येच थांबून म्हणाली, "जहाजावर अंधारात तुमी कसे चालत होते गा?"

"असंच, मावशी. कठड्याले हात लावून."

ती कठड्यावरून हात फिरवत राहिली. "मंग माझा वामन काहून पडला?"

जिन्यात आम्ही दोघंच होतो. दवाखान्याचा तो डेटॉलचा वास अजून नाकात आहे.

"लाट आली होती, मावशी."

"हं," ती म्हणाली. मग तिनं कठडा सोडला. "याच्यापेक्षा तुह्या हाताचा भरोसा बरा."

वर पोचेपर्यंत तिनं माझा हात धरला होता. आता ती नाही.

तार मी सोडली होती. आणि वामन पाण्यात असताना ती परत बांधली, तीही मीच.