जिनिंगवाल्या काकूंची एकच पंगत

अख्ख्या यवतमाळ जिल्ह्यात समतेवर जिनिंगवाल्या काकूंइतकं प्रेम करणारं माणूस सापडायचं नाही. समतेनं मागच्या दारानं यावं, एवढीच या कापूस-जिनिंग कारखान्याच्या मालकीणबाईंची अट. मी बी.ए. झालो तो त्यांच्या व्हरांड्यात बसून, त्यांनी दिलेल्या पुस्तकांवर. हे मी विसरत नाही आणि काकू कुणाला विसरू देत नाहीत. "हा आमच्या स्वयंपाकवाल्या बाईंचा मुलगा, पण किती स्वच्छ बोलतो बघा," अशी माझी ओळख त्यांनी दोन डॉक्टर, एक वकील आणि एका निवृत्त कलेक्टरांना करून दिली आहे.

दर हिवाळ्यात राळेगावजवळच्या त्यांच्या शेतात रोडग्यांची पार्टी असते. गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजलेले कणकेचे रोडगे, वर तूप, सोबत वांग्याची भाजी. पाहुण्यांना खेडं फार आवडतं, म्हणून धूर त्यांच्याकडे जाणार नाही अशा बेतानं गोवऱ्या पेटवतात. जेवायला पत्रावळी, बसायला गाद्या. आधी काकूंचं छोटंसं भाषण : "आमच्या शेतात मालक-मजूर असं काही नाही. सगळे एकाच पंगतीत." रोडगे भाजणारी माणसं नंतर बाभळीखाली जेवतात, तेवढं सोडून.

पदवी मिळाली त्या वर्षी काकूंनी मला पहिल्यांदा पाहुण्यांत बसवलं. समोर आई धुरात रोडगे उलटत होती. भाषण संपलं आणि मी तिला हाक मारली.

"आई, ये न. काकू सोताच म्हणून राह्यल्या, एकच पंगत."

"काहून तमाशा करून राह्यला? मले काम हाय," आई पुटपुटली, पण आली, गादीच्या कडेला अवघडून टेकली.

काकू तूप वाढत आल्या नि थबकल्या. "अगं, तू बसलीस तर रोडगे कोण काढणार?"

"मी काढतो," म्हणून मी उठलो. नव्या शर्टाची बाही जळाली, दहा-बारा रोडग्यांचा कोळसा झाला. पाहुण्यांनी तो अस्सल गावरान म्हणून खाल्ला. काकूंनी आईलाही तूप वाढलं. अर्धाच चमचा, पण सगळ्यांदेखत.

पुढच्या हिवाळ्यात निरोप आला तो एकट्या आईला, सकाळी लवकर येऊन कणीक मळण्याचा. आई गेली नाही. संक्रांतीनंतर एका दुपारी काकूच आमच्या दारात उभ्या. एकट्याच. आईनं तवा ठेवला. दुखरे गुडघे सावरत काकू फरशीवर बसल्या, भाकरीचे दोन घास खाल्ले आणि म्हणाल्या, "तू बी बस न वं. मी एकटीच जेवू काय?"

आई बसली.

पाहुणे नसले की काकू फार चांगल्या असतात. पण त्यांच्याकडे पाहुणे फार येतात.