दोन किलोहर्ट्झचा खड्डा

खोटं रीडिंग नुसत्या वासावरून ओळखणारा माणूस आख्ख्या बुलढाणा जिल्ह्यात एकच झाला, आणि तो नेमका आमच्या वाट्याला आला. खामगावच्या बाहेर, सोयाबीनच्या वावरांमध्ये उभ्या असलेल्या आमच्या इंजिनिअरिंग कॉलेजात ते इलेक्ट्रॉनिक्स लॅबचे सहायक होते. प्राचार्यांपासून पाणी भरणाऱ्या मावशींपर्यंत सगळे त्यांना काका म्हणत. आता इंजिनिअरिंगच्या प्रॅक्टिकलचा रिवाज असा, की प्रयोग करायचा, मीटर बघून रीडिंग घ्यायचं आणि जर्नलमध्ये लिहायचं. हे कागदावर. खरा रिवाज असा, की गेटसमोरच्या झेरॉक्सच्या दुकानात एक जुनं, झेरॉक्स केलेलं जर्नल पिढ्यान्‌पिढ्या ठेवलेलं असतं, ते आणायचं आणि उतरवून काढायचं. पहिलं पान झेरॉक्सवाल्यानं कधीच काढून टाकलं होतं, त्यामुळे मूळ मालक कोण ते कोणालाच ठाऊक नव्हतं. अक्षर मात्र मोत्यासारखं. त्यातल्या सातच्या आकड्याच्या पोटात एक आडवी रेघ असायची, म्हणून आमचं सगळं कॉलेजच सातच्या पोटात रेघ मारायचं. मी बँकेच्या स्लिपवरसुद्धा अजून मारतो.

काकांची लाल पेन्सिलची टिक असल्याशिवाय सर जर्नलवर सही करत नसत, आणि टिक मिळवणं म्हणजे दिव्य होतं. एप्रिल महिन्यात मी डायोडचं प्रॅक्टिकल असं मस्त सजवून नेलं. काकांनी चष्मा कपाळावर सरकवला, पान नाकाजवळ धरलं आणि म्हणाले, "काऊन बे, हे रीडिंग जानेवारीतलं हाय ना?" मी नकळत मान डोलावली. ते म्हणाले, "खामगावच्या एप्रिलमंदी डायोड इतका गारठून राह्यते का? त्याले स्वेटर घालून आणलं होतं का तू?" गरमीत डायोडचा व्होल्टेज उतरतो, हे मी पुस्तकात वाचलं होतं, पण ते खरं असतं अशी मला शंकासुद्धा आली नव्हती. पानाच्या कोपऱ्यात त्यांनी लाल 'आर' काढला. आर म्हणजे रिपीट. माझ्या बॅचमध्ये एका पोराला एकाच प्रॅक्टिकलला चार वेळा आर मिळाला होता. तो आज पुण्यात मोठ्या हुद्द्यावर आहे आणि अजून काकांचं नाव काढलं की खुर्चीत सरळ बसतो.

मशिनांशी मात्र त्यांचं वागणं फार हळवं. लॅबमधल्या प्रत्येक सीआरओला, म्हणजे सिग्नलची रेघ पडद्यावर दाखवणाऱ्या यंत्राला, त्यांनी घरच्या जुन्या लुगड्यांचे झगे शिवले होते, त्यामुळे सुट्टीच्या दिवशी खिडकीतून पाहिलं की आत बायांची बैठक भरल्यासारखी वाटे. सर्वांत जुन्या सीआरओला ते म्हातारी म्हणत. तिच्या पडद्यावर हिरवी रेघ उमटायला पाच मिनिटं लागत. तोवर काका तिच्या डोक्यावर तळहात ठेवून उभे राहत, लेकराचा ताप पाहावा तसे. "घाई करू नोका," ते आम्हालाच दटावत, "तुमी सकाळी उठल्याबरोबर गणितं करता का?" ट्रान्झिस्टर जळाला की वासावरून टेबलाचा नंबर सांगत आणि तिथे जाऊन हळूच म्हणत, "गेला बिचारा. कोणी मारला?"

त्यांच्या सगळ्या खोडींत आम्हाला छळणारी खोड एकच होती. आर मिळाला की प्रॅक्टिकल त्याच दिवशी पुन्हा करायचं. उद्या हा शब्द त्या लॅबमध्ये चालत नसे. पोट दुखतंय म्हणा, पाहुणे आलेत म्हणा, काका ढिम्म. मी रोहिणखेडचा, मोताळ्याकडची शेवटची गाडी साडेपाचला. एकदा पाच वाजता आर मिळाला. मी रडकुंडीला येऊन म्हटलं, "काका, उद्या सकाळी आल्या आल्या घेतो." ते एकदम इतके कडू झाले की मी दोन पावलं मागे सरलो. "उद्या नाही. आता घे." मी रीडिंग घेतलं, गाडी गेली. मग त्यांनी लॅबला कुलूप लावलं, स्कूटर काढली आणि मला मागे बसवून, पुढची गाडी मिळावी म्हणून थेट नांदुऱ्यापर्यंत सोडलं. वाटभर मी मनातल्या मनात त्यांना शिव्या देत होतो. उतरताना म्हणाले, "घरी पोचला की फोन करजो." मी केला नाही. दुसऱ्या दिवशी त्यांनी माझ्याशी बोलणं टाकलं, आणि ते मला मारापेक्षा जास्त लागलं.

त्यांची एकुलती एक मुलगी याच कॉलेजात, याच ब्रँचला शिकत होती आणि तिसऱ्या वर्षाला असताना तापाने गेली, एवढं आम्हाला वरच्या वर्गातल्या मुलांनी सांगून ठेवलं होतं. ते आमच्या कितीतरी आधी. काका त्याविषयी बोलत नसत आणि आम्ही विचारत नसू.

तर असे हे काका, पण सातव्या प्रॅक्टिकलला त्यांचं नाक बंद व्हायचं. सातवं प्रॅक्टिकल अ‍ॅम्प्लिफायरचं. फ्रिक्वेन्सी वाढवत जायची, दर वेळी आउटपुट मोजायचं आणि ग्राफ काढायचा. ग्राफ कसा येतो, तर चढतो, मध्ये लांबच लांब सपाट चालतो आणि शेवटी उतरतो. झेरॉक्सच्या जर्नलात मात्र त्या सपाटीच्या ऐन मध्यावर, दोन किलोहर्ट्झला, एक खड्डा होता. आजूबाजूला सगळीकडे तीन पॉइंट दोन व्होल्ट आणि तिथेच दोन पॉइंट तीन. लिहिणाऱ्याकडून आकडे उलटे पडले, हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. आम्ही साठ जणांनी तो खड्डा इमानेइतबारे उतरवला आणि काकांपुढे ठेवला. त्यांनी प्रत्येक ग्राफवर क्षणभर बोट टेकवलं आणि टिक केली. साठच्या साठ. आम्ही बाहेर येऊन नाचलो. म्हाताऱ्याची नजर गेली, असा निष्कर्ष काढून चहा प्यायलो.

या खड्ड्याचं उत्तरही परंपरेने चालत आलेलं होतं. परीक्षेला बाहेरगावचे परीक्षक आले. त्यांनी ग्राफवर पेन ठेवून विचारलं, "हा खड्डा कशाचा?" मी म्हटलं, "स्ट्रे कपॅसिटन्स, सर." म्हणजे तारांमध्ये आपोआप येणारा एक नको असलेला परिणाम, ज्याच्यावर कोणतंही पाप ढकलता येतं. त्यांनी पुढच्याला विचारलं, त्यानेही तेच सांगितलं. दहा-बारा जण झाल्यावर ते जर्नल मिटून म्हणाले, "तुमच्या कॉलेजचा स्ट्रे कपॅसिटन्स फार शिस्तीचा दिसतो." सगळे हसले. काका मागे उभे राहून सीआरओचे प्रोब, म्हणजे मोजायच्या तारा, पुसत होते. ते हसले नाहीत.

पुढे एम.टेक. करून मी त्याच कॉलेजात शिकवायला लागलो. काकांची पंचाईत झाली. मला बे म्हणायची सवय आणि आता सर म्हणायचं. त्यांनी तोडगा काढला. "काऊन बे," म्हणत, थोडं थांबत, आणि मग, "सर." मी नवा, उत्साह दांडगा, आणि त्यातून पहिल्याच परीक्षेला परीक्षकांनी पुन्हा त्या खड्ड्यावरून मला सगळ्यांसमोर टोमणा मारला. माझ्या डोक्यात तिडीक गेली. पुढच्या वर्षी मी वर्गात जाहीर केलं, की सातव्या प्रॅक्टिकलची सगळी पानं फाडा, प्रत्येकाने स्वतः रीडिंग घ्यायचं. काकांनी निमूटपणे टेबलं मांडली, जोडण्या तपासल्या, म्हातारीच्या डोक्यावर हात ठेवून तिला जागं केलं. संध्याकाळपर्यंत साठ ग्राफ सपाट झाले. मला तर राज्य जिंकल्यागत वाटत होतं.

मुलं गेल्यावर काका फाडलेली पानं गोळा करत होते. एकेक उचलून हाताने सरळ करत होते.

"सर, या पानाईचं काय करता?"

"रद्दीत द्या ना."

"मले द्या," ते म्हणाले.

मग त्यांनी कोपऱ्यातलं कपाट उघडलं आणि प्लॅस्टिकच्या पिशवीतून एक जर्नल काढून माझ्यापुढे ठेवलं. आतलं अक्षर पाहिलं आणि मी लगेच सातचा आकडा शोधला. सातच्या पोटात आडवी रेघ. पहिल्या पानावर त्यांच्या मुलीचं नाव होतं. सातव्या प्रॅक्टिकलला दोन पॉइंट तीनभोवती लाल पेन्सिलचा गोल होता, आणि कोपऱ्यात आर.

"हा आर कोणी काढला?" मी विचारलं.

"म्या. दुसरं कोण काढते?" काका स्टुलावर बसले. "पोरगी हुशार लय, पण लिहायची घाई. म्या म्हटलं, माय, हे रीडिंग चुकलं, पुन्हा घे. तिच्या अंगात कणकण होती. म्हणे, पप्पा, उद्या घेतो. म्या म्हटलं बरं, उद्या घे." ते थोडा वेळ पिशवीची घडी घालत राहिले. "रात्रीतून ताप चढला. अकोल्याले नेलं. आठव्या दिवशी संपलं सगळं."

तिच्या मैत्रिणीने अभ्यासाला म्हणून ते जर्नल आर पडण्याआधीच झेरॉक्स करून घेतलं होतं. त्या झेरॉक्सची झेरॉक्स निघत गेली. पुढच्या वर्षी सातव्या प्रॅक्टिकलला पहिलं पोरगं जर्नल घेऊन आलं तेव्हा काकांनी पेन्सिल उचलली आणि त्यांना दोन पॉइंट तीन दिसलं.

"मले आर काढताच आला नाही, सर. एकदा काढला होता. तिनं काही घेतलं नाही. आता दुसऱ्याईले कसा म्हणू, पुन्हा घे म्हणून? मंग दरसाल साठ पोट्टे तिचं रीडिंग लिहून आणत. मले वाटे, पोरगी येऊन गेली."

मी म्हटलं, "काका, मला माहीत नव्हतं. मी उद्याच मुलांना सांगतो, पानं परत लावा."

"नोको," ते एकदम ताठ झाले, अगदी जुने काका. "खोटं ते खोटंच. म्या इतके वर्स चुकलो. तुमी बराबर केलं." आणि त्यांनी साठही सपाट ग्राफांवर एकामागून एक टिक केली. मी बरोबर होतो, आणि बरोबर असण्याचं इतकं वाईट मला आयुष्यात कधी वाटलं नाही. त्या रात्री मला जेवण गेलं नाही. बायकोने विचारलं तर ग्राफ सपाट आला म्हणून सांगितलं. तिला काय कळणार?

काका दोन वर्षांपूर्वी निवृत्त झाले. शाल, श्रीफळ, भाषणं झाली. मी बोलायला उभा राहिलो तो डायोडचा स्वेटर सांगून खाली बसलो. कार्यक्रम आटोपल्यावर काकांनी मला लॅबमध्ये बोलावलं. म्हातारीचा झगा काढून ठेवलेला होता, अ‍ॅम्प्लिफायर जोडलेला होता आणि शेजारी मुलीचं जर्नल सातव्या प्रॅक्टिकलला उघडं होतं.

"काऊन बे," ते म्हणाले, थांबले, पण या वेळी सर काही आलं नाही. "माह्या डोळ्यात मोतीबिंदू हाय, बारक्या रेघा दिसत नाहीत. तू वाच."

त्यांनी फ्रिक्वेन्सी दोन किलोहर्ट्झला आणली. आम्ही दोघे रेघ उमटायची वाट बघत उभे राहिलो. त्यांचा तळहात म्हातारीच्या डोक्यावर होता. मी पडद्यावरचे चौकोन मोजले, पुन्हा मोजले.

"तीन पॉइंट दोन, काका."

"नीट पाह्यलं?"

"दोनदा पाहिलं."

त्यांनी लाल गोलाशेजारी तीन पॉइंट दोन लिहिलं. ग्राफवर खड्ड्याच्या वर एक ठिपका दिला. जुनी रेघ खोडली नाही. कोपऱ्यातल्या आरच्या खाली टिक केली आणि जर्नल माझ्याकडे सरकवलं. "सही कर. तारीख आजची टाक. उशीर झाला असं लिहू नोको." मी सही केली. तारीख आजची टाकली. काकांनी शाई वाळेपर्यंत पान धरून ठेवलं, जर्नल शाल-नारळाच्या पिशवीत घातलं आणि स्कूटरला लटकवून ते निघाले.

आता ते दुसरबीडला, आपल्या गावी राहतात. सगळे कॉम्प्युटरच्या मागे लागल्यामुळे आमच्या ब्रँचला मुलंही कमी झाली आहेत, साठाची वीस उरली. काकांच्या जागेवर कोणाला भरलं नाही, त्यामुळे लाल पेन्सिल माझ्याच खिशात असते. काकांसारखं नाक मला नाही, दहातली चार खोटी रीडिंगं माझ्या हातून निसटत असतील. पण सापडलं की मी आर काढतो. परवा चिखलीची एक पोरगी पाच वाजता म्हणाली, "सर, आज थोडं बरं नाही वाटत, उद्या घेतो." मी आधी तिच्या कपाळाला हात लावून पाहिला. मग तिचं प्रॅक्टिकल मी स्वतः जोडून दिलं, तिनं एकच रीडिंग घेतलं, मी टिक केली. तिची एसटी गेली होती. माझ्या गाडीत बसवून तिला घरी सोडायला निघालो आणि वाटेत दुसरबीडला फोन लावला. काकांनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "ताप तर नाही ना तिले?"