नंबरमामांचा बेसबॉल

नंबरमामांना नंबर मोडलेला अजिबात खपत नसे. टँकरपुढच्या रांगेत त्यांची स्वतःची बायको हंडा घेऊन मध्ये घुसली, तरी ते तिला सगळ्या वस्तीदेखत मागे पाठवत. मग मामी घरी त्यांना जेवणासाठी ताटकळत ठेवी. "तुमचा नंबर यायचाय अजून," म्हणे. मामा निमूट बसून राहत. रांग न्याय्य असली की त्यांची काही तक्रार नसे.

मामा लातूरकडचे. चाकणच्या एका कंपनीत जपानी साहेबाची गाडी चालवत. साहेब दर रविवारी आपल्या देशवाल्यांबरोबर बेसबॉल खेळायला जाई. बाकीचे ड्रायव्हर तेवढ्या वेळात एसी लावून झोप काढत. मामा मात्र पार्किंगच्या जाळीआडून खेळ बघत. साहेब कायमचा मायदेशी निघाला, तेव्हा बॅटी, चेंडू आणि चामडी हातमोजे भरलेली एक भली मोठी पिशवी त्याने मामांच्या हवाली केली. मामीचं तोंड आठवडाभर चालू होतं. "लोकांच्या साहेबानं फ्रिज दिला. आमच्या साहेबानं मुसळं दिली. बसा आता कांडत."

आमच्या मोशीत तेव्हा खेळ म्हणजे क्रिकेट आणि क्रिकेट म्हणजे नानाशेटांचं ग्राउंड. शेट जुन्या गावातले. त्यांच्या बाकीच्या जमिनीवर इमारती उभ्या राहिल्या होत्या, पण हा एक तुकडा त्यांनी राखला होता आणि दर हिवाळ्यात तिथे त्यांच्या वडिलांच्या नावाचा चषक भरे. वस्तीतल्या पोरांना तिथे मज्जाव होता असं मुळीच नाही. उलट आग्रहाचं बोलावणं असे, फिल्डिंगला. बॅटिंग पुढच्या रविवारी, आणि तो रविवार काही उगवत नसे. आम्हा पोरींसाठी तर नाल्यात गेलेला चेंडू काढण्याचा मान खास राखून ठेवलेला होता. आडनाव विचारून कोणी कोणाला बॅट नाकारत नसे. आडनावं सगळ्यांना आधीच माहीत होती.

म्हणूनच मामांना बेसबॉलमधली एक गोष्ट फार भावली होती. इथे नऊ जणांची रांग ठरलेली, आणि रांग फिरत आली की ज्याचा नंबर त्याच्या हातात बॅट. "क्रिकेटात खेळणारा खेळतच ऱ्हातो, बाकीचे ऊन खातेत," ते सांगत. "हितं तसं न्हाई. नंबर आला की बॅट तुझी. मग तू कोणाचा का असंना."

बाकीचा खेळ त्यांनी जाळीतून जेवढा दिसला तेवढा शिकवला. जपानी लोक मैदानात शिरताना टोपी काढून मैदानाला वाकून नमस्कार करत. आमच्याकडे टोप्या नव्हत्या, म्हणून मामांनी आम्हाला चपला काढायला लावल्या. आमचं मैदान म्हणजे वस्तीमागचा मोकळा प्लॉट, सगळा काचा आणि काट्यांचा. त्यामुळे भक्तिभावाने नमस्कार करून आम्ही घाईघाईने चपला परत घालायचो. धावताना गाठायच्या जागांची इंग्रजी नावं मामांच्या लक्षात राहत नसत, म्हणून त्यांनी नाशिक रस्त्यावरचे थांबे कामाला लावले. पहिली जागा चाकण, दुसरी मोशी, तिसरी भोसरी आणि मग घर. "मोशीला थांबू नको, भोसरी गाठ," असं ते ओरडू लागले की रस्त्याने जाणारे लोक बसची चौकशी करायला थांबत.

एके दिवशी प्लॉटभोवती पत्रे लागले. तिथे सोसायटी होणार होती. त्याच सुमारास नानाशेटांच्या कानावर आलं की बेसबॉल खेळून जिल्ह्याच्या संघात गेलं की खेळाडूंच्या कोट्यातून सरकारी नोकरीची सोय होते. शेटना रातोरात या खेळाची गोडी लागली. ते स्वतः मामांच्या दारात आले. "मामा, आपलं ग्राउंड हाय की. दर रविवारी या. आमच्या विकीला तेवढं टीममधी घ्या, राव." विकी म्हणजे त्यांचा पुतण्या. मामा हरखून गेले. शनिवारी संध्याकाळीच ते एकटे ग्राउंडवर जात आणि सपाट गवतातून नसलेले खडे वेचत. विकीलाही त्यांनी आनंदाने घेतलं. तो सगळ्यांच्या नंतर आला, म्हणून त्याचा नंबर दहावा लावला. खेळतात नऊ. शेटनी तेव्हा ते मनावर घेतलं नाही.

मग चिंचवडच्या एका कॉलेजच्या संघाशी सामना ठरला. जिल्ह्याचा संघ निवडणारे दोन सर बघायला येणार होते, म्हणून शेट सकाळपासून मांडवात खुर्ची टाकून बसलेले. सामना शेवटच्या डावापर्यंत अटीतटीचा झाला. आम्ही एका धावेने मागे, दोघे बाद, तिसरा गेला की खेळ खलास, आमचा एक गडी भोसरीला आणि एक मोशीला. आणि नंबर माझा. माझी बॅट आणि चेंडू यांची गाठ सरावातसुद्धा क्वचितच पडत असे, हे शेटनाही ठाऊक होतं.

ते उठून आले. "मामा, विकीला पाठवा."

"नंबर रेखाचा हाय," मामा म्हणाले.

पंच समजूतदार होते. "मामा, बदली खेळाडू देता येतो. नियमात बसतं ते."

मामांना हे नवीनच होतं. जाळीआडून त्यांना हा नियम कधी दिसलाच नव्हता.  ते म्हणाले, "तुमच्यात बसत असंल. आमच्यात न्हाई बसत."

"मग पुढल्या रविवारपासनं रस्त्यावर खेळा," शेट म्हणाले. त्यांनी आवाजही चढवला नाही.

मामांनी त्या सगळ्या ग्राउंडवरून एकदा नजर फिरवली.  मी बॅट विकीपुढे धरली आणि म्हणाले, "मामा, जाऊ द्या त्याला." मामांनी ती त्याच्यापुढून काढून परत माझ्या हातात दिली आणि मला जवळजवळ ढकललंच. "जा लेकरा."

इथे मी चेंडू थेट इंद्रायणीपार टोलवला, असं लिहायला मला फार आवडलं असतं. पण मी सगळे चेंडू हुकवले. शेवटच्याला एवढ्या जोरात बॅट फिरवली की स्वतःभोवती गिरकी घेऊन तोंडावर पडले. कॉलेजची पोरं नाचू लागली. शेटची पांढरी गाडी निघून गेली. पुढच्या रविवारी आम्ही गेलो तेव्हा फाटकाला कुलूप होतं.

तिथून परतताना मी रस्ताभर रडत होते. "कामून रडायलीस?" मामा म्हणाले. "ग्राउंड शेटचं होतं, शेटकडंच ऱ्हायलं." मला ते पटलं नाही. मला ते ग्राउंड हवं होतं, आणि मामांना माझ्याहून जास्त हवं होतं. पुढे कित्येक रविवार ते सकाळी बूट घालून उंबऱ्यावर बसून असत. जायला जागा नव्हती. हळूहळू पोरं कंपन्यांच्या शिफ्टमध्ये पांगली, मीही चाकणला लागले, आणि आमचा बेसबॉल संपला. त्याची दखल कोणी घेतली नाही, कारण तो सुरू झाल्याचीही कोणी घेतली नव्हती.

गेल्या वर्षी मामा गेले. मी मामीला भेटायला गेले, तेव्हा बोलता बोलता त्या सामन्याचा विषय निघाला. "मामी, माझ्यामुळं ग्राउंड गेलं," मी म्हणाले. "मी आउट झाले नसते तर जिंकलो असतो."



"हरलाव तुम्ही?" मामी म्हणाली. "त्या दिवशी हे घरी आले ते पेढे घेऊनच. आमच्या सगळ्या गल्लीला वाटले. मला वाटलं, जिंकलाव."