हिल्डाबाईंनी मोकळं ठेवलेलं पान

नाही हो, विद्यार्थिनी कसली. मी गावच्या शाळेत सातवी शिकलेली, नि हिल्डाबाई विलायतेहून इथे आखातात शिकवायला आलेल्या प्रोफेसर. त्यांच्या पंच्याहत्तरीच्या या गौरवाच्या पुस्तकात बाकी सगळे शिकलेसवरलेले लिहिणार. माझी सून प्राची त्यांचीच विद्यार्थिनी. मी बोलतेय, ती टाइप करतेय. मधेच माझं मराठी सुधारायला बघते, पण मी लक्ष ठेवून आहे.

आमची ओळख झाली ती इथे खलिफा सिटीत, प्राचीच्या हळदीकुंकवाला. मी विधवा, म्हणून हॉलमध्ये बसले नव्हते, आत तिळाच्या वड्या ताटात लावत होते. प्राची बोलवत होती, पण स्वयंपाकघरात जास्त मजा येते, सगळ्यांबद्दल बोलता येतं. तेवढ्यात उंच, पांढऱ्या केसांच्या एक बाई आत आल्या. हिंदी त्या टॅक्सीवाल्यांकडून शिकलेल्या, त्यामुळे बाई असो बाप्या असो, सगळे त्यांचे ‘भाईसाब’. मला विचारायला लागल्या, बाहेर प्रत्येकीला नवऱ्याचं नाव का विचारतायत, आणि ती सांगायला एवढी लांबण का लावतेय? नवरे तर खाली पार्किंगमध्ये उभे आहेत, त्यांनाच विचारा की.

मी समजावलं. आमच्यात जुन्या बायका नवऱ्याचं नाव तोंडाने घेत नाहीत. सणासमारंभाला उखाण्यात गुंफून घ्यायचं. बाई ओट्याला टेकून उभ्याच राहिल्या, वडी हातात तशीच. एका नावासाठी एवढी कविता, म्हणाल्या. मग हळूच, “और आपका, भाईसाब?”

मी म्हटलं, “माझं घेऊन झालं. आता नाही मिळायचं.”

तेव्हापासून त्या ते नाव विचारतायत, आणि मी अजून सांगितलेलं नाही.

बाईंनी ‘गोष्ट म्हणजे काय’ यावर दोन जाडजूड पुस्तकं लिहिलीत, कादंबऱ्या वेगळ्याच. त्या जाड पुस्तकांचं सार प्राचीने मला भाजी निवडता निवडता सांगितलं. सांगणारा जिथे गप्प बसतो, खरी गोष्ट तिथे असते, आणि ऐकणारा परत परत येतो तो त्या गप्प जागेसाठीच. मी म्हटलं, हे सांगायला एवढी पानं लागली? प्राचीने कपाळाला हात लावला. नातू म्हणाला, “आजी, शी इज ॲक्चुअली फेमस.” मी मुद्दामच बाईंना ते तोंडावर सांगितलं. त्या हसल्या नाहीत. खूप वेळ विचार करून म्हणाल्या, बरोबर आहे, थोडक्यात लिहायला हवं होतं. एवढी मोठी बाई, आणि माझं बोलणं एवढं मनावर घेते! तिथे मी पहिल्यांदा जरा सरळ बसले.

माझं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं तेव्हा मुलगा रुवैसला रिफायनरीत अडकलेला, सुनेला सुट्टी नाही. बाई येऊन बसल्या आणि मला आपलं पुस्तक वाचून दाखवायला लागल्या, इंग्रजीतून. मला एक अक्षर कळलं नाही. इतकी गाढ झोप मला औषधानेही कधी लागली नव्हती. हेही मी त्यांना सांगितलं. त्यांना इतका आनंद झाला की त्यांनी तो किस्सा लेक्चरमध्ये सांगितला म्हणे.

मंगळवारी त्या चहाला येतात. मी गावाकडचं सांगते, त्या गुडघे धरून ऐकतात आणि मी थांबले की म्हणतात, “फिर क्या हुआ, भाईसाब?” आमच्या यांच्याबद्दल मी तिखटमीठ लावून सांगायची. नाव घ्यायचं नाही, मग हाक कशी मारायची? मी तवा आपटायची. जेवण वाढलंय की मी चिडलेय, हे यांना आवाजावरून कळायचं.

मग बाईंची नवी कादंबरी लिहून झाली. छापायच्या आधी त्यांनी ती प्राचीकडे दिली, सासूबाईंना वाच म्हणाल्या. दुपारी मी लसूण सोलत बसायची आणि प्राची मराठीत करून वाचायची. समुद्राकाठचं इंग्रजी गाव. तिथली एक बाई नवऱ्याला हाक मारत नाही, कपावर चमचा वाजवते, की तो बागेतून येतो. त्याला पुस्तकभर नाव नाही. पुढे तो मरतो. एका दुपारी ती चहा करते आणि सवयीने चमचा वाजवते. प्रकरण तिथेच संपतं.

माझ्या हातातला लसूण तसाच राहिला. तव्याचं मी बाईंना सांगितलं होतं. पण हे वारल्यावरही मी एकदा तसाच तवा आपटला होता, ते मी मुलालासुद्धा सांगितलेलं नाही. मग बाईंना कुठून कळलं? चमचा विलायतेतला, पण वाजवणारी मी होते. त्या दिवसापासून मी त्यांची थट्टा करते, पण करताना मनात हात जोडलेले असतात.

मंगळवारी आल्या आणि चहाला हात लावण्याआधी म्हणाल्या, तुम्हाला नको असेल तर ते प्रकरण काढते. सगळं पुस्तक त्याच्यावर उभं आहे, तरी काढते. मी राहू द्या म्हटलं. मग म्हणाल्या, ही माझी शेवटची कादंबरी, ती तुमच्या मिस्टरांना अर्पण करायचीय, पहिल्या पानावर नाव हवं. मी रिवाज पुढे केला. त्या म्हणाल्या, “कोई बात नहीं, भाईसाब. पन्ना खाली रहेगा.” नाव नसेल तर पान कोरं छापणार. आता पंच्याहत्तरीच्या समारंभानंतर ती कादंबरी छापायला जातेय.

बाई, तुम्हाला उदंड आयुष्य मिळो. गुडघे धड राहोत, डोळे शाबूत राहोत, आणि तुमचं हिंदी असंच बिघडलेलं राहो. शंभरीलाही माझ्याच हातचा चहा प्या, इन्शाल्ला.

प्राची, थांबू नकोस, हेही टाइप कर. रिवाजाचं मी निमित्त सांगत आले. हे गेले तेव्हाच तो रिवाज माझ्यापुरता खलास झाला. बाईंनीच लिहून ठेवलंय ना, की ऐकणारा गप्प जागेसाठी येतो? सगळं सांगून टाकलं तर त्या यायच्या बंद होतील, म्हणून सांगत नव्हते. मुलगा रुवैसला, सून ऑफिसात, नातू फोनमध्ये. ‘फिर क्या हुआ’ विचारणाऱ्या माझ्या आयुष्यात त्या एकट्याच आहेत.

तर मंगळवारी नेहमीसारख्या या, आणि ते पान कोरं ठेवू नका. माझ्या नवऱ्याचं नाव दगडू होतं.